मुक्या पडद्याची मराठी बोली

आपला चित्रपट बोलू लागला तो दिवस जाणकारांना पाठ असतो. १४ मार्च १९३१, मुंबईचे मॅजेस्टिक सिनेमागृह, ‘आलम आरा’. पुढच्याच वर्षी प्रभातच्या ‘अयोध्येचा राजा’ने पडद्यावर मराठी ऐकवली. त्याआधीच्या अठरा वर्षांना आपण मूकपटाचा काळ म्हणतो आणि त्या ‘मूक’ शब्दात नकळत थोडी कीव असते. बिचाऱ्याला अजून वाचा फुटायची होती, असा काहीसा भाव. शाळेच्या पुस्तकात दादासाहेब फाळक्यांचा धडा असतो, पण त्यात कष्टांची, कर्जाची आणि बायकोच्या दागिन्यांची हकीकत असते. त्यांनी पडद्यावर गोष्ट सांगितली कशी, हे तिथे येत नाही.

खरे पाहता ती अठरा वर्षे आवाजाची वाट पाहण्यात गेली नाहीत. नाशिक आणि कोल्हापूर या दोन गावांत चित्राने गोष्ट सांगण्याची एक रीत तेव्हा घडली. ती विलायतेहून आलेल्या यंत्रावर चालत होती, पण तिची मुळे कीर्तनात, चित्रकथीत, रविवर्म्याच्या चित्रांत आणि संगीत नाटकांच्या रंगवलेल्या पडद्यांत होती. म्हणजे ज्या वस्तू आपल्या इंदूरच्या जुन्या घरांना परक्या नाहीत, त्यांतच. ही रीत नीट कळावी म्हणून आधी थोडा जपानचा फेरफटका मारू. दोन्ही देशांची परिस्थिती चकित व्हावे इतकी सारखी होती आणि उत्तरे मात्र वेगळी निघाली.

चलच्चित्र मुंबईत आले ते ७ जुलै १८९६ रोजी, वॉटसन हॉटेलात. ल्युमिएर बंधूंचे तेच यंत्र पुढल्या वर्षी ओसाकाला पोहोचले. दोन्हीकडे स्त्रियांच्या भूमिका पुरुषांनी करण्याची जुनी परंपरा होती. तिकडे काबुकी नाटकातले ‘ओन्नागाता’, इकडे आपले स्त्रीपार्टी नट. दोन्हीकडे प्रेक्षकांना पुराणकथा आणि वीरकथा तोंडपाठ होत्या. आणि दोन्हीकडे चित्र दाखवत गोष्ट सांगणाऱ्या माणसाची सवय पिढ्यान्‌पिढ्या मुरलेली होती.

जपानने ही सवय सिनेमागृहात जशीच्या तशी आणली. पडद्याच्या बाजूला एक माणूस उभा राहायचा, त्याला ‘बेन्शी’ म्हणत. सगळ्या पात्रांचे संवाद तोच बोलायचा. म्हाताऱ्याचा खोकला, बाईचा हुंदका, लढाईची आरोळी, मधेच निसर्गाचे वर्णन, सगळे त्याचे एकट्याचे. असे बेन्शी देशभर हजारोंनी होते. त्यांतल्या नामवंतांची नावे जाहिरातीत नटांच्या वर छापली जात, आणि तोच चित्रपट दुसऱ्या बेन्शीच्या तोंडून ऐकायला लोक पुन्हा तिकीट काढत. आपल्याकडे एकच आख्यान दोन बुवांकडून ऐकायला लोक जात, त्यातलाच प्रकार.

याचा परिणाम चित्रांवर झाला. बोलायला माणूस असल्यामुळे दिग्दर्शकाला पाट्यांची फारशी गरज नव्हती आणि चित्र निवांत ठेवता येत होते. १९२६ मध्ये किनुगासा या दिग्दर्शकाने ‘अ पेज ऑफ मॅडनेस’ या नावाने जगभर ओळखला जाणारा चित्रपट काढला. वेड्यांच्या इस्पितळात झाडलोट करणाऱ्या एका म्हाताऱ्याची आणि तिथेच कोंडलेल्या त्याच्या बायकोची ती गोष्ट. त्यात एकही पाटी नाही. बोलपट आल्यावरही जपानने मूकपट सोडायला फार वेळ लावला. ओझूसारखा दिग्दर्शक १९३६ पर्यंत बोलपटाकडे वळला नव्हता. त्याची कारणे अनेक, पण बेन्शींचा दबदबा हे एक मोठे कारण होते. पुढे सिनेमागृहांनी बेन्शींना काढायला सुरुवात केली तेव्हा त्यांनी संप केले. प्रसिद्ध दिग्दर्शक अकिरा कुरोसावा याचा थोरला भाऊ हेइगो हा बेन्शी होता आणि त्या संपात पुढे होता. संप फसला. १९३३ मध्ये हेइगोने आत्महत्या केली. आवाज आला म्हणून कुणाचा आवाज गेला, याची एवढी करुण हकीकत दुसरी नसेल.

मग आपल्याकडे बेन्शी का झाला नाही? सामग्री तर सगळी होती. कुडाळजवळच्या पिंगुळी गावात ठाकर समाजातले चित्रकथी आजही आहेत. कागदावर रंगवलेल्या चित्रांचा गठ्ठा, त्याला ‘पोथी’ म्हणतात, पण तिच्यात वाचायला अक्षर नसते. कथेकरी एकेक चित्र उभे धरतो, वाद्यांच्या साथीने गाऊन तेवढा प्रसंग सांगतो आणि पुढचे चित्र काढतो. पैठणच्या चित्रकथींची चित्रे याच जातीची. बाजूने दाखवलेले चेहरे, मोठाले डोळे, आणि एका चित्रात एकच क्षण: बाण सुटण्याचा, पाय धरण्याचा, डोके उडण्याचा. दोन चित्रांच्या मधले सगळे ऐकणाऱ्याने मनात भरायचे.

त्यानंतर कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन. त्यांनी १८९२ मध्ये ‘शांभरिक खरोलिका’ नावाने दिव्याच्या यंत्रातून काचेवरची चित्रे पडद्यावर दाखवायला सुरुवात केली. चित्रे हाताने रंगवलेली, बोटाएवढ्या जागेत दागिन्याची घडण दिसेल इतकी बारीक. एकाच पात्राच्या थोड्या थोड्या फरकाच्या काचा झपाट्याने बदलून हालचालीचा भास करायचा आणि शेजारी निवेदन आणि संगीत चालू. पटवर्धनांची मुलेही या उद्योगात होती आणि हे खेळ गावोगाव झाले. जपानमध्ये याच जातीचा ‘उत्सुशिए’ नावाचा खेळ होता. त्यात पडद्यामागची माणसे दिवे हातात धरून फिरवत, म्हणजे चित्र पडद्यावर चालू लागे. दोघांनी एकमेकांचे नाव ऐकले असण्याची सुतराम शक्यता नाही, तरी दोघांची बुद्धी एकाच वाटेने चालली.

तर सामग्री होती, सवय होती. सिनेमाच्या तंबूत आणि थिएटरात पेटी-तबल्याची साथही होती. पाटी आली की मोठ्याने वाचून दाखवणारेही असत, कधी मालकाने नेमलेला माणूस, कधी प्रेक्षकांतलाच एखादा शिकलेला. पण बेन्शीसारखा राजा काही झाला नाही. एक उघड कारण भाषेचे. जपानी बेन्शीला सगळ्या देशात एक भाषा पुरत होती. आपल्याकडे एकाच चित्रपटाची रिळे आज पुण्यात, उद्या सुरतेत, परवा मद्रासला. आपल्या इंदुरातच बघा ना. होळकरांच्या राजवटीतल्या या शहरात एका बाकावर मराठी, मागे माळवी, पलीकडे गुजराती, कोपऱ्यात उर्दू. त्यांना एकाच वेळी कोणता बुवा पुरा पडणार? म्हणून पाट्याच दोन-दोन, तीन-तीन भाषांत आणि लिप्यांत येऊ लागल्या. पडदा अक्षरांनी गच्च भरायचा, आणि ज्याला अक्षरओळख नाही त्याला त्याचा काडीचा उपयोग नव्हता. अशा प्रेक्षकापुढे गोष्ट पोहोचवायची तर ती चित्रानेच पोहोचवायला हवी.

दुसरे कारण मला जास्त महत्त्वाचे वाटते. आपल्या प्रेक्षकाला निवेदक बाहेर लागत नव्हता, कारण तो त्याच्या डोक्यातच बसलेला होता. हरिश्चंद्र, सीता, कृष्ण यांच्या कथा त्याने इतक्या कीर्तनांतून ऐकल्या होत्या की नुसते चित्र दिसले तरी शब्द आपोआप उठत. फाळक्यांनी हे नेमके ओळखले. १९१० च्या नाताळात त्यांनी मुंबईत येशूच्या चरित्राचा चित्रपट पाहिला आणि समोर ख्रिस्त दिसत असताना मनात गोकुळ आणि अयोध्या दिसत होती, असे त्यांनी पुढे ‘नवयुग’ मासिकातल्या लेखांत लिहिले. या अनुभवाची भाविक बाजू आपण नेहमी सांगतो. धंद्याची आणि कलेची बाजूही तेवढीच मोठी आहे: तयार, मुखोद्गत कथा आणि कोरा पडदा.

फाळके काही अचानक उगवले नव्हते. १८७० मध्ये त्र्यंबकेश्वरला जन्म, जे. जे. स्कूलमध्ये आणि बडोद्याच्या कलाभवनात शिक्षण, गोध्र्यात फोटोग्राफी, लोणावळ्याला रविवर्म्याच्या छापखान्याशी संबंध आणि जादूचे प्रयोग. जादूगार म्हणून त्यांनी घेतलेले नाव ‘केळफा’, म्हणजे आपलेच आडनाव उलटे. या सगळ्या विद्या त्यांच्या चित्रपटात उतरल्या. ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कोरोनेशन सिनेमागृहात ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसाठी लागला तेव्हा पडद्यावरचे देव आणि राजे लोकांना ओळखीचे वाटले, कारण ते रविवर्म्याच्या तसबिरींतून उठून आलेले होते. आपल्याकडच्या कित्येक वाड्यांच्या देवघरांत त्याच तसबिरी होत्या. तारामती झालेले साळुंके हे मुंबईतल्या एका खाणावळीत आचारी होते. त्याच साळुंक्यांनी ‘लंकादहन’मध्ये राम आणि सीता दोन्ही भूमिका केल्या, आणि राम पडद्यावर आला की लोक पायातल्या वहाणा काढत, असे सांगतात.

‘हरिश्चंद्र’ची आज जी रिळे पाहायला मिळतात ती फाळक्यांनी १९१७ मध्ये पुन्हा काढलेल्या आवृत्तीची आहेत, असे अभ्यासक मानतात. त्यात कॅमेरा नाटकाच्या प्रेक्षकासारखा समोर बसून असतो. ज्यांना फाळक्यांची खरी करामत पाहायची असेल त्यांनी १९१९ चा ‘कालियामर्दन’ पाहावा. तो बराचसा शाबूत आहे आणि मला स्वतःला तो ‘हरिश्चंद्र’पेक्षा कितीतरी सरस वाटतो.

सुरुवातच विलक्षण आहे. बालकृष्ण झाली आहे फाळक्यांची सात वर्षांची मुलगी मंदाकिनी. गोष्ट सुरू व्हायच्या आधी ती साध्या वेषात पडद्यावर येते आणि एकेक भाव करून दाखवते: हसणे, रुसणे, घाबरणे, रागावणे. हा सगळा तिच्या अभिनयाचा नमुना आहे, अशी पाटीच आहे. मग पाहता पाहता त्याच चेहऱ्याच्या जागी मोरमुकुट घातलेला कृष्ण उभा राहतो. कीर्तनात बुवा पूर्वरंगात तुमच्या-आमच्यासारखे बोलतात आणि उत्तररंगात तेच गृहस्थ नारद होतात, हनुमान होतात. आपण त्यांना ओळखत असतो आणि तरी क्षणात विसरतो. फाळक्यांनी प्रेक्षकाला आधी मुलगी दाखवून मग देव दाखवला. लपवले काहीच नाही आणि भक्तीही उणावली नाही. जादूगाराने हात रिकामे दाखवून मगच रुमाल काढावा, तसे.

पुढे कृष्णाच्या खोड्या आहेत. रात्री सवंगड्यांसह एका धनिकाच्या शयनघरात शिरून नवऱ्याची दाढी आणि बायकोचे केस एकमेकांना बांधणे, हा प्रसंग आजही मुले पोट धरून हसतील असा आहे. त्यात एक शब्दही लागत नाही. पण खरा कस लागतो तो डोहात. कृष्णाने उडी घेतल्यावर फाळके पाण्याखालची कालियाशी झुंज दाखवतात, मग काठावर हवालदिल झालेले गोकुळ, मग पुन्हा पाण्याखाली, पुन्हा काठावर. चित्रपटाच्या इतिहासाची पुस्तके याला अमेरिकन दिग्दर्शक ग्रिफिथची देणगी मानतात आणि फाळक्यांनी पाश्चात्त्य चित्रपट डोळसपणे पाहिले होते, यात वादच नाही. पण आपल्या कोणत्याही आजीला विचारा. ‘इकडे काय झाले, यशोदा बेशुद्ध पडली. आणि तिकडे डोहात...’ हे ‘इकडे’ आणि ‘तिकडे’ कथेकऱ्याच्या जिभेवर शतकानुशतके होते. प्रेक्षकाला जोडकाम शिकवावे लागले नाही, ते तो ऐकून शिकला होता. जपानमध्ये ‘इकडे’ आणि ‘तिकडे’ म्हणायला माणूस उभा होता. नाशिकच्या चित्रपटात ते कात्रीने म्हटले.

इथवरचे यश मात्र माहीत असलेल्या गोष्टीवर उभे होते, हे नजरेआड करून चालणार नाही. कालियाला कृष्णच हरवणार हे पाळण्यातल्या पोरालाही ठाऊक असते. ज्या गोष्टीचा शेवट प्रेक्षकाला माहीत नाही, ज्यातले लोक देव नाहीत आणि ज्याचे कीर्तन कधी झालेले नाही, अशी गोष्ट नुसत्या चित्रांनी सांगता येईल का? ही परीक्षा कोल्हापुरात झाली.

बाबूराव पेंटर यांचा जन्म १८९० चा, आडनाव मेस्त्री. चुलतभाऊ आनंदराव आणि ते, दोघेही नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवण्यात त्या काळी अग्रगण्य होते. राजवाडा, अरण्य, राजमार्ग, नदीकाठ. ज्या मंडळ्या इंदूर-ग्वाल्हेर-बडोद्याला दौरे करत त्यांच्या सामानात असेच गुंडाळलेले पडदे असत. तेव्हा आपल्या पणजोबांनी ज्या चित्रित अरण्यात गाणारे नट पाहिले, ते अरण्य कोल्हापूरच्या कुंचल्यातले असण्याचा संभव बराच आहे. दोघा भावांना चित्रपटाने झपाटले. आनंदराव १९१६ मध्ये गेले आणि बाबूरावांनी दामले यांच्या मदतीने १९१८ मध्ये स्वतःचा कॅमेरा तयार केला. विकत आणला नाही, घडवला. लोखंडाची आणि लाकडाची जाण हातात होती, बाकी सगळे पाहून, उघडून, जुळवून.

महाराष्ट्र फिल्म कंपनीचा पहिला चित्रपट ‘सैरंध्री’ ७ फेब्रुवारी १९२० रोजी पुण्याच्या आर्यन सिनेमागृहात लागला. फाळक्यांना सुरुवातीला स्त्रिया मिळाल्या नव्हत्या. इथे गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांनी काम केले आणि त्याची सामाजिक किंमतही मोजली. कथा विराटपर्वातली, कीचकवधाची. तीच कथा खाडिलकरांनी रंगभूमीवर आणली तेव्हा प्रेक्षकांना कीचकात लॉर्ड कर्झन दिसला आणि १९१० मध्ये सरकारने त्या नाटकावर बंदी घातली होती. आता कीचक पुन्हा आला, पण या वेळी त्याच्या तोंडी एकही वाक्य नव्हते. भीमाने त्याला ठेचले ते दृश्य इतके जिवंत होते की प्रेक्षकांत आरडाओरडा झाला. लोकमान्य टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ हा किताब दिला तो याच चित्रपटासाठी. त्यांच्या निधनाआधी जेमतेम सहा महिने.

ज्या माणसाने आयुष्यभर पडदे रंगवले त्यानेच चित्रपटातून रंगवलेला पडदा हद्दपार केला, ही मोठी मौज आहे. बाबूरावांच्या लक्षात आले की कॅमेऱ्याला खोटी खोली लगेच कळते. त्यांनी खरे खांब, खऱ्या पायऱ्या, खऱ्या कमानी उभ्या केल्या. प्रत्येक दृश्याची, वेषाची, पात्राच्या उभे राहण्याची रेखाटने ते आधी करत. १९२३ च्या ‘सिंहगड’मध्ये त्यांनी कृत्रिम प्रकाश वापरला. तोवर सगळे चित्रीकरण उन्हाच्या मर्जीवर चाले. ‘सिंहगड’ची गोष्टच रात्रीची. कोंढाण्याचा कडा, दोर, अंधारात चढणारी माणसे. भर उन्हात हे दाखवले असते तर हसे झाले असते. पेंटर होते म्हणूनच त्यांना उमगले असावे की चित्रात सावलीलाही रंगाइतकीच किंमत असते.

आणि मग १९२५ चा ‘सावकारी पाश’. मूळ कथा हरि नारायण आपट्यांची. शेतकरी, कर्ज, सावकार, गेलेली जमीन आणि पोटासाठी धरलेली शहरातल्या गिरणीची वाट. देव नाही, चमत्कार नाही, तलवार नाही. तरुण शेतकऱ्याच्या भूमिकेत शांताराम वणकुद्रे, म्हणजे पुढचे व्ही. शांताराम. बिमल रॉय यांच्या ‘दो बिघा जमीन’मधला शेतकरी शहराकडे निघाला त्याच्या अठ्ठावीस वर्षे आधीची ही गोष्ट आहे.

याच कथेच्या पुढच्या, बोलक्या आवृत्तीतल्या एका दृश्याची आठवण निर्माते जे. बी. एच. वाडिया यांनी फार वर्षांनी लिहून ठेवली. अगदी मंद उजेडात घेतलेली एक भकास झोपडी आणि तिथे रडणारे कुत्रे. बस्स, एवढेच. आणि वाडियांना एवढ्या वर्षांनंतर आठवले ते काय, तर कुत्र्याचे रडणे! रात्री कुत्रे रडू लागले की आपल्या घरात म्हातारी माणसे दचकतात, कुणी हातातले काम सोडून त्याला हाकलायला उठतात. त्या रडण्याचा अर्थ कुठल्याही पाटीवर लिहावा लागत नाही, मराठीत नाही, हिंदीत नाही. बाबूरावांना कीर्तनाची तयार कथा मिळाली नव्हती, म्हणून त्यांनी प्रेक्षकाच्या रोजच्या जगण्यातला ऐकलेला आवाज उसना घेतला. तो आवाज प्रत्येकाच्या स्वतःच्या गल्लीतला होता.

१९२५ चा मूकपट धंद्यात मात्र चालला नाही. पुराणे आणि लढाया पाहायला सरावलेल्या लोकांना आपलेच कर्ज पडद्यावर पाहायचे नव्हते. बाबूराव पुन्हा जुन्या विषयांकडे वळले. १ जून १९२९ रोजी त्यांचेच शिष्य दामले, फत्तेलाल, धायबर आणि शांताराम यांनी सीताराम कुलकर्णी यांना सोबत घेऊन प्रभात काढली. प्रभातच्या पुढच्या वैभवाबद्दल इतके लिहिले गेले आहे की इथे त्यात भर घालत नाही. फक्त एवढे ध्यानात ठेवावे की ‘संत तुकाराम’सारख्या बोलपटात शब्द नसतानाही जी चित्रे बोलतात, ती घडवणारे हात मूकपटाच्या शाळेत तयार झालेले होते.

या शाळेचा एक धागा थेट आपल्या शहरात येतो. १९२७ मध्ये दत्तात्रय दामोदर देवळालीकर यांनी इंदुरात चित्रकला विद्यालय सुरू केले. नारायण श्रीधर बेंद्रे तिथले, आणि पंढरपूरला जन्मलेले पण इंदुरात वाढलेले मकबूल फिदा हुसेनही तिथलेच. हुसेन यांनी आपल्या आठवणींत सांगितले आहे की पोरवयात काकाच्या दुकानावर बसलेले असताना प्रभातच्या ‘सिंहगड’चे, म्हणजे शांतारामबापूंनी १९३३ मध्ये काढलेल्या बोलपटाचे, चित्र पाहून त्यांना तैलरंगात काम करायची ओढ लागली आणि रंगांसाठी त्यांनी शाळेची पुस्तके विकली. आधी आपट्यांची कादंबरी, मग बाबूरावांचा मूकपट, मग त्यांच्या शिष्याचा बोलपट, आणि त्या बोलपटाचे एक न बोलणारे चित्र पाहून इंदूरचा एक मुलगा रंग विकत आणतो. पुढे हाच मुलगा मुंबईत सिनेमाचे भलेमोठे फलक रंगवून पोट भरू लागला, हे सर्वश्रुत आहे. पडदे रंगवणारा पेंटर चित्रपटात गेला आणि चित्रपटाचे फलक रंगवणारा चित्रकार झाला.

आता वाईट बातमी. भारतात सुमारे तेराशे मूकपट निघाले असे मानतात. त्यांतले पूर्ण किंवा तुकड्यांनी हाती आहेत ते दोन-तीन डझन. त्या वेळची फिल्म नायट्रेटची, पटकन पेट घेणारी, दमट हवेत कुजणारी. जी जळली वा कुजली नाही तीही चांदीसाठी विकली गेली, कारण फिल्मवरच्या थरातून चांदी निघत असे. पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय स्थापन व्हायला १९६४ साल उजाडावे लागले. तिथे पी. के. नायर या केरळी गृहस्थाने गावोगाव हिंडून, फाळके कुटुंबीयांकडे जाऊन, मिळेल ते रीळ गोळा केले. मराठी माणसाच्या पहिल्या चित्रपटांची काळजी शेवटी एका मल्याळी माणसाने वाहिली, हे आपण मोकळेपणाने म्हटले पाहिजे. बाबूरावांच्या ‘मुरलीवाला’चे तुकडे आहेत. ‘सावकारी पाश’ नाही. तो आता फक्त लोकांच्या आठवणीच्या आठवणीत.

१९३६ मध्ये बाबूरावांनी तोच ‘सावकारी पाश’ शालिनी सिनेटोनसाठी पुन्हा काढला, या वेळी बोलका. त्यामुळे पुष्कळदा दोन्ही चित्रपटांची सरमिसळ होते आणि एकाची वाखाणणी दुसऱ्याच्या नावावर जाते.

जपानची गतही फार बरी नाही. १९२३ चा भूकंप आणि नंतरचे महायुद्ध यांत त्यांचेही बहुतेक मूकपट गेले. पण किनुगासाचा तो बिनपाट्यांचा चित्रपट, जो कायमचा हरवला असे सगळे धरून चालले होते, तो १९७१ मध्ये त्याच्या स्वतःच्याच घराच्या कोठारात सापडला. पंचेचाळीस वर्षे घरात पडून, आणि घरधन्यालाच पत्ता नाही. बाबूरावांनी चित्रपटांबरोबर माहितीपुस्तिका आणि चित्रांची भित्तिपत्रकेही छापायला सुरुवात केली होती. नाटक-सिनेमाची हौस असलेल्या माणसांनी तिकिटाबरोबर अशी पुस्तिका घरी आणून ट्रंकेत ठेवली नसेल, असे निदान इंदूरच्या घरांबद्दल तरी म्हणवत नाही. जुनी ट्रंक रिकामी करताना रद्दीवाल्याला हाक मारण्याआधी एकदा तळ पाहावा.

तोवर ‘कालियामर्दन’ आहे. पेटीची साथ नसेल तरी चालेल, घरात सगळ्यांनी मिळून पाहावा आणि नातवंडांना पाट्या वाचून दाखवू नयेत. डोहाच्या प्रसंगी ती आपोआप विचारतील, तिकडे काय झाले म्हणून.